पत्रिकेवरून चिनी वर्षाचा प्राणी कसा काढायचा

मोबाइलमध्ये जन्मसाल टाकलं की ‘तुम्ही ड्रॅगन’ असं फटकन उत्तर येतं. जानेवारी-फेब्रुवारीत जन्मलेल्यांच्या बाबतीत ते बरेचदा चुकीचं असतं. कॉलेज रोडला आमच्या सोसायटीत मी पत्रिका बघते हे सगळ्यांना ठाऊक आहे, त्यामुळे हल्ली मंगळासोबत या प्राण्यांचीही चौकशी होते. विश्वास ठेवायचा की नाही ते तुमचं तुम्ही बघा, पण गणित तरी नीट करा.

जन्मसालाला १२ने भागा आणि बाकी बघा. ० उरला तर माकड, १ कोंबडा, २ कुत्रा, ३ डुक्कर, ४ उंदीर, ५ बैल, ६ वाघ, ७ ससा, ८ ड्रॅगन, ९ साप, १० घोडा, ११ बकरी. प्राण्यासोबत धरायचं तत्त्व सालाच्या शेवटच्या अंकावरून कळतं: ४-५ लाकूड, ६-७ अग्नी, ८-९ माती, ०-१ धातू, २-३ पाणी. म्हणजे १९७८चा घोडा मातीचा, २००२चा पाण्याचा आणि २०२६चा अग्नीचा. आपली पंचमहाभूतं इथे बसवायला जाऊ नका. वायू आणि आकाश त्यांच्यात नाहीत.

प्राणी आणि तत्त्व यांची तीच जोडी ६० वर्षांनी परत येते, आपल्या संवत्सरांसारखीच. चालू चिनी फेरा १९८४च्या लाकडाच्या उंदरापासून सुरू झाला, आपलं प्रभव संवत्सर १९८७च्या पाडव्याला लागलं.

आता खरी मेख. चिनी वर्ष १ जानेवारीला बदलत नाही. २१ जानेवारी ते २० फेब्रुवारी या काळात जी अमावास्या येते, त्या दिवशी बदलतं. तुमचा जन्म त्याआधीचा असेल तर मागच्या सालाचा प्राणी धरायचा. जुनं कॅलेंडर कोण जपून ठेवतं? पण पत्रिकेत तिथी असतेच, तिच्यावरून पुढेमागे मोजलं की अमावास्या सापडते.

नुसत्या महिन्यावर मात्र विसंबू नका. साधारणपणे त्यांचं नवं वर्ष आपल्या माघाच्या तोंडाशी लागतं, पण नेहमीच नाही. २०२६ साली ते १७ फेब्रुवारीला लागलं, म्हणजे आपली महाशिवरात्र होऊन गेल्यावर, माघ अमावास्येला. त्यामुळे यंदा २५ जानेवारीला जन्मलेलं बाळ माघातलं असूनही सापाच्या वर्षातलं, घोड्याच्या नाही. अधिक महिना त्यांच्याकडेही असतो, पण तो आपल्याच वेळी येईल असं नाही, म्हणून ही तफावत.

अगदी अमावास्येचाच जन्म असेल तर घड्याळही बघा. चीनची वेळ आपल्यापेक्षा अडीच तास पुढे आहे. १९९१ साली आपल्याकडे १४ फेब्रुवारीच्या रात्री अकराच्या सुमारास अमावास्या संपली. तिकडे तोवर १५ तारीख लागली होती, म्हणून बकरीचं वर्ष १५पासून धरतात.

बकरीवरून एक नाशिकची गंमत. २००३चा आपला सिंहस्थ बकरीच्या वर्षात झाला, २०१५चाही, आणि २०२७च्या ऑगस्टमधली पर्वणीही बकरीतच येणार. कारण दोन्हीकडे मुळाशी गुरूच आहे. गुरूची राशीचक्रातली फेरी जवळपास बारा वर्षांची, आणि चिन्यांच्या बारा वर्षांचं नातंही त्याच फेरीशी सांगतात. फरक एवढाच की आपण अजून गुरू सिंहेत आला का ते पाहतो, ते सरळ बारा मोजतात. खरी फेरी ११.८६ वर्षांची असल्याने ही जोडी कधीतरी सुटेल, पण आपल्या हयातीत रामकुंडावर बकरीच.

‘यंदा माझंच वर्ष, आता चांदी’ असं म्हणणाऱ्या घोडेवाल्यांनी जरा थांबावं. चिनी समजुतीप्रमाणे स्वतःच्या प्राण्याचं वर्ष जपून काढायचं असतं. त्या वर्षी लाल पट्टा, लाल मोजे, झालंच तर लाल आतले कपडे घालतात. दुकानात शुभ म्हणून विकायला ठेवलेला तुमच्या प्राण्याचा पुतळा घेण्यापेक्षा लाल मोजे स्वस्त पडतील, असं माझं मत.

स्थळं जुळवताना लोक हमखास गोंधळतात. पत्रिकेत समसप्तक, म्हणजे एकमेकांपासून सातव्या राशी, आपण चांगलं मानतो, तिथे सातवा प्राणी म्हणजे थेट वैर: उंदीर-घोडा, बैल-बकरी, वाघ-माकड. नवपंचम, म्हणजे पाचवा-नववा प्राणी, मात्र त्यांना मानवतं. उंदीर, ड्रॅगन आणि माकड यांचं छान जमतं. तसंच वाघ, घोडा आणि कुत्रा यांचंही.

आणि एवढ्यावरून कुणाचं लग्न मोडू नका. वर्षाचा प्राणी हा चिनी पत्रिकेच्या चार खांबांपैकी एकच. महिना, दिवस आणि वेळ यांचे खांब वेगळे असतात. वेळेचा सोपा आहे: रात्री ११ ते १ उंदीर, १ ते ३ बैल, असे दोन-दोन तास पुढे मोजत जा. दुपारी बाराचा जन्म घोड्याचा. दिवसाच्या खांबाला मात्र चिनी पंचांगच लागतं, तो बोटांवर निघत नाही.