झिग्मोंड यांच्यासारखं फिल्म फ्लॅशिंग: ३५ मिमी रोलवर कसं करायचं

सिनेमॅटोग्राफर (चित्रपटाचे छायाचित्रकार) विल्मोश झिग्मोंड मूळचे हंगेरीतल्या सेगेदचे. १९५६ चा तिथला उठाव सहकारी छायाचित्रकार लास्लो कोवाच यांच्यासोबत चित्रित करून ते देशाबाहेर पडले. अमेरिकेत सुरुवातीला लॅबमध्ये काम केलं, पुढे ऑस्कर मिळवलं, १९९२ मध्ये 'द लाँग शॅडो' दिग्दर्शितही केला. पण हात लावून शिकावं असं त्यांचं काम म्हणजे १९७१ च्या 'मॅकेब अँड मिसेस मिलर'मधलं फ्लॅशिंग: डेव्हलप करण्याआधी निगेटिव्हला अगदी मंद, एकसारखा उजेड दाखवणं. त्याने काळोख उजळतो, रंग फिके होतात. परिणाम निगेटिव्हमध्येच मुरल्याने स्टुडिओला तो नंतर पुसता येत नव्हता.

स्टिल कॅमेऱ्याला मल्टिपल एक्स्पोजरची, म्हणजे एकाच फ्रेमवर दोनदा फोटो घेण्याची, सोय हवी. निकॉन एफएम२ ला ती आहे. राखाडी कार्ड एकसारख्या उजेडात ठेवा. लेन्स इन्फिनिटीवर ठेवून कार्ड इतकं जवळ घ्या की फ्रेम भरेल आणि कार्ड पूर्ण धूसर दिसेल. मीटर एफ ५.६ ला १/६० दाखवत असेल तर तीन स्टॉप कमी (एक स्टॉप कमी म्हणजे उजेड निम्मा), म्हणजे १/५०० वर शटर दाबा. मल्टिपल एक्स्पोजरची कळ ओढून शटर पुन्हा चढवा. फिल्म जागेवरच राहते. मग त्याच फ्रेमवर खरं दृश्य नेहमीच्या एक्स्पोजरने घ्या.

मध्यम राखाडीला १ भाग उजेड मिळतो असं धरा. फ्लॅश १/८ भरतो. पाच स्टॉप खालच्या सावलीला मुळात १/३२ च मिळतो. तिथे आता ५/३२ झाला, म्हणजे दोन स्टॉपहून जास्त वाढ. उजळ भागाला १/८ ची भर जाणवतही नाही. दोनच स्टॉप कमी ठेवलेत तर सगळं चित्र दुधाळ होतं. चार कमी केलेत तर परिणाम सौम्य राहतो. पहिल्या रोलवर एकच दृश्य तिन्ही प्रकारे घ्या.

कार्डावर कॅमेऱ्याची सावली पडली की फ्रेमची एक बाजू जास्त धुरकट येते. पिवळ्या बल्बखाली फ्लॅश केलं तर सावल्याही पिवळसर होतात. मुद्दाम हवं असेल तरच करा.

सगळ्यात जास्त घात होतो स्कॅनिंगला. स्कॅनरचं ऑटो लेव्हल्स धुरकट सावलीला पुन्हा ठार काळं करतं आणि मेहनत वाया जाते. लॅबला रोल देतानाच 'फ्लॅट स्कॅन, ऑटो करेक्शन बंद' असं पाकिटावर लिहून द्या. उजेड कमी असेल तर 'एक स्टॉप पुश' (फिल्म जास्त वेळ डेव्हलप करणं) हेही लिहा: पुशने वाढणारा कॉन्ट्रास्ट फ्लॅशिंगमुळे आटोक्यात राहतो. १९७३ च्या 'द लाँग गुडबाय'मध्ये झिग्मोंड यांनी हीच जोडी वापरली.