अर्ज नामंजूर झाला, आता वर कुठे जायचं?

दिवाणी दावा चालू असताना मधेच एखादा अर्ज कोर्टाने फेटाळला की लोक लगेच म्हणतात, चला हायकोर्टात. थांबा जरा. आधी नक्कल अर्ज (हुकमाची प्रमाणित प्रत मागायचा अर्ज) टाका, त्याच दिवशी. वर जायची मुदत हुकमाच्या तारखेपासून धावते पण नक्कल तयार व्हायला कोर्टाला लागलेले दिवस वजा होतात, त्या तारखा नकलेवरच्या शिक्क्यात असतात.

मग हुकूम कसला आहे ते बघा, सगळं त्यावरच ठरतं. निशाणी ५ वर (तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर) मनाई मिळाली किंवा नाकारली तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (सीपीसी) ऑर्डर ४३ खाली सरळ अपील, कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशाचा हुकूम असेल तर जिल्हा कोर्टात ३० दिवसांत. गैरहजेरीत काढून टाकलेला दावा पुन्हा चालू करायला नकार, एकतर्फी हुकूमनामा (डिक्री) रद्द करायचा अर्ज फेटाळला, रिसीव्हर (मिळकत सांभाळायला कोर्टाचा माणूस) नेमला, हेही त्याच यादीत येतं.

दावादुरुस्ती, साक्षीदार परत बोलवणं, उशिरा कागद दाखल करणं हे यादीत नाही, तिथे राज्यघटनेच्या कलम २२७ खाली हायकोर्टात रिट. पण तिथे पुरावा नव्याने तोलत नाहीत, खालच्या कोर्टाने अधिकार सोडून काही केलं किंवा चूक ढळढळीत आहे एवढंच दाखवायचं असतं. रिव्हिजन (सीपीसी कलम ११५ खाली हायकोर्टाकडून हुकमाची तपासणी) २००२ पासून फार अरुंद झालंय: हुकूम तुमच्या बाजूने लागला असता तर दावाच संपला असता, तरच. म्हणून ऑर्डर ७ रूल ११ चा (दावा सुरुवातीलाच नाकारा असा) अर्ज फेटाळला तर प्रतिवादीला रिव्हिजन, आणि मंजूर झाला तर तो हुकूमनामाच, वादीला नेहमीचं अपील. एकाच अर्जाला दोन दारं!

नो डब्ल्यूएस (प्रतिवादीने मुदतीत कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दिली नाही असा हुकूम) झालं असेल तर मात्र वर पळू नका. त्याच कोर्टात उशीर माफीचा अर्ज द्या आणि कैफियत सोबतच जोडा, नुसता अर्ज देऊ नका. साध्या दाव्यात ९० दिवसांची मुदत दगडावरची रेघ नाही, हे सुप्रीम कोर्टाने २००५ मध्ये कैलाश विरुद्ध नन्हकू मध्ये सांगितलंय, कारण पटलं तर कॉस्ट भरून काम होतं. कमर्शियल दाव्यात १२० दिवसांनंतर काहीच नाही.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, स्थगिती वेगळी मागावी लागते. आमच्या बांधाच्या दाव्यात रिट दाखल झालं, नंबर पडला, आम्ही निवांत, आणि इकडे खालच्या कोर्टाच्या रोजनाम्यात (तारखेवार कामाच्या नोंदीत) ओळ आली, ‘वादीचा पुरावा बंद’. नुसतं दाखल केल्याने खालचं काम थांबत नाही हे आम्हाला तेव्हा कळलं.

हुकूम छोटा असेल तर सोडून दिला तरी चालतो बरं का. सीपीसीच्या कलम १०५ मुळे शेवटच्या अपिलात तो मुद्दा घेता येतो, त्या चुकीचा निकालावर परिणाम झाला असेल तर, फक्त अपील मेमोमध्ये तो स्वतंत्र मुद्दा म्हणून लिहायला वकिलांना आठवण करा.