खिमा-राजमा कॅसरोल: ओव्हनच्या आधीचे काम

कॅसरोल म्हटले की मराठी घरात पोळ्या गरम ठेवायचा झाकणाचा डबा डोळ्यांसमोर येतो, आणि तो डबा ओव्हनमध्ये गेला तर प्लॅस्टिकच्या वासाशिवाय हाती काहीच लागणार नाही. मुळात हा फ्रेंच शब्द दांड्याच्या पातेल्यासाठी आहे. पुढे ज्या खोल भांड्यात पदार्थ भाजायचा आणि त्याच भांड्यातून पानात वाढायचा, त्या भांड्याला आणि त्यातल्या पदार्थालाही तेच नाव पडले. येथे दिलेली कृती अमेरिकी घरांत रात्रीच्या जेवणाला नेहमी होणाऱ्या खिमा-बीन्सच्या कॅसरोलची आहे. नागपुरात डिसेंबर-जानेवारीत रात्रीचा पारा 10 अंशांच्या खाली उतरतो, तेव्हा सहा जणांच्या कुटुंबाला हे एकच भांडे पोटभर होते.

अमेरिकेत यासाठी गोमांसाचा खिमा घेतात. महाराष्ट्रात 1976 च्या पशुसंरक्षण कायद्याने गोहत्येला बंदी आहे आणि 2015 मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीने बैल आणि वळूही त्या बंदीत आले. त्यामुळे येथे बकऱ्याच्या मटणाचा खिमा घेतला आहे. त्याची चव गोमांसाहून वेगळी, थोडी उग्र असते. पण राजमा आणि टोमॅटोशी ती उत्तम जुळते, आणि माझ्या मते आपल्या जिभेला तीच अधिक रुचते. कोंबडीचा खिमाही चालतो, मात्र तो लवकर कोरडा पडतो, म्हणून तो शिजवण्याचा वेळ निम्म्यावर आणावा.

या पदार्थाबाबत एक गोष्ट आधीच लक्षात घेतली पाहिजे, ती म्हणजे ओव्हन येथे जवळजवळ काहीच शिजवत नाही. राजमा कुकरमध्ये शिजतो, खिमा कढईत शिजतो. ओव्हन फक्त दोहोंना एकजीव करतो आणि वरचा थर खरपूस करतो. जे कढईत कच्चे किंवा पाणचट राहिले, ते ओव्हनमधूनही तसेच बाहेर येते. म्हणून खरी मेहनत आणि खरे लक्ष आधीच्या दीड तासात द्यायचे आहे.

सहा जणांसाठी 500 ग्रॅम मटणाचा खिमा, 200 ग्रॅम कोरडा राजमा, तीन मध्यम कांदे, अर्धा किलो लालबुंद टोमॅटो, एक मोठी ढोबळी मिरची, दहा-बारा लसूण पाकळ्या, इंचभर आले, दीड चमचा जिरेपूड, एक चमचा धनेपूड, एक चमचा तिखट, पाव चमचा हळद, दालचिनीचा बोटभर तुकडा, तीन मोठे चमचे तेल, 150 ग्रॅम चीज आणि एक शिळी ज्वारीची भाकरी एवढे साहित्य लागते. भांडे काचेचे किंवा चिनी मातीचे, ओव्हनमध्ये चालणारे आणि सुमारे अडीच ते तीन लिटरचे असावे. ते विकत घेण्यापूर्वी ओटीजीची, म्हणजे घरच्या छोट्या विजेच्या ओव्हनची, आतली लांबी टेपने मोजावी, कारण अनेकदा भांडे आत मावते आणि त्याचे कान मावत नाहीत.

राजमा आदल्या रात्री भरपूर पाण्यात, लिटरमागे एक चमचा मीठ घालून, आठ ते दहा तास भिजवावा. मीठ घातले की कडधान्य शिजत नाही हा समज खरा नाही. भिजवताना घातलेल्या मिठाने साल मऊ होते आणि दाणा फुटत नाही. शिजण्याला खरा अडथळा येतो तो आंबटाचा आणि जड पाण्याचा. टोमॅटोतल्या आम्लामुळे आणि बोअरवेलच्या पाण्यातल्या कॅल्शियममुळे दाण्याची भिंत घट्ट राहते. म्हणून राजमा टोमॅटोबरोबर कधीही शिजवू नये, आणि घरी बोअरवेलचे पाणी येत असेल तर या कामापुरते नळाचे किंवा फिल्टरचे पाणी वापरावे.

भिजवलेले पाणी ओतून देणे येथे सक्तीचे आहे. कच्च्या राजम्यात, विशेषतः लाल जातीत, फायटोहिमॅग्लुटिनिन नावाचे द्रव्य असते आणि त्याने उलट्या-जुलाब होतात. पूर्ण उकळीवर अर्धा तास शिजल्यावर ते नष्ट होते, पण मंद आचेवर उकळी न येता नुसता कोमट शिजत ठेवलेला राजमा कच्च्याहूनही अधिक त्रासदायक ठरू शकतो. प्रेशर कुकरमध्ये हा धोका उरत नाही. नवे पाणी दाण्यांच्या वर दोन बोटे येईल इतके घालून, मोठ्या आचेवर एक शिटी झाल्यावर आच बारीक करावी आणि वीस ते पंचवीस मिनिटे ठेवावे. वाफ आपोआप जिरल्यावर एक दाणा जिभेने टाळूशी दाबून पाहावा. तो लोण्यासारखा दबला पाहिजे. आत किंचितही कणी जाणवली, तर कुकर पुन्हा चढवावा. दुकानात दोन वर्षे पडून राहिलेला राजमा कितीही शिट्ट्या दिल्या तरी हट्ट सोडत नाही, म्हणून तो खप असलेल्या दुकानातूनच घ्यावा. शिजवलेले पाणी मात्र टाकू नये, ते पुढे लागते.

आता खिमा. मटण खांद्याचे किंवा मांडीचे, थोडी चरबी असलेले घ्यावे. निव्वळ लाल मांसाचा खिमा शिजल्यावर भुशासारखा लागतो. शक्य असेल तर खाटकाकडून तुकडे आधी धुऊन आणि निथळून घ्यावेत व मगच खिमा करून घ्यावा. खिमा घरी आणून धुण्याची आपली सवय या पदार्थाला मारक आहे. पहिल्यांदा मी तो धुऊन तसाच कढईत टाकला होता. तासाभराने भांड्यात खिमा होता, राजमा होता आणि मधोमध तळे होते. धुवायचाच असेल तर बारीक चाळणीत अर्धा तास निथळत ठेवावा आणि हाताने हलके दाबून पाणी काढावे.

जाड बुडाची लोखंडी कढई धूर येण्याच्या बेतात तापवून, एक चमचा तेलावर खिमा दोन वेळा विभागून परतावा. पहिली तीन-चार मिनिटे त्याला हलवू नये. बुडाशी तपकिरी पापुद्रा धरला की तो उलटावा आणि मग उलथन्याने गाठी फोडाव्यात. मांसाला भाजल्याचा जो स्वाद येतो, तो 140 अंशांच्या आसपास आणि त्यापुढे तयार होतो. कढईत पाणी साचले, की तापमान 100 अंशांवर अडकते आणि खिमा भाजण्याऐवजी उकडतो. सगळा खिमा एकदम टाकण्याचा मोह आवरायचा तो याच कारणासाठी.

खिमा ताटलीत काढून त्याच कढईत उरलेले तेल घालावे व बारीक चिरलेला कांदा बदामी होईपर्यंत परतावा. बुडाला चिकटलेले मांसाचे कण कांद्याच्या ओलाव्याने सुटतात. ते खरवडून कांद्यात मिसळावेत. मग दालचिनी, ठेचलेले आले-लसूण, ढोबळी मिरची आणि कोरडे मसाले घालून मिनिटभर परतावे. तिखट भिवापुरी मिरचीचे असेल तर रंग आणि झणका दोन्ही मिळतात. येथे सावजी मसाल्याकडे हात जाणे नागपूरकराला साहजिक आहे, पण तो आवरावा. सावजी रस्सा मला प्रिय आहे; मात्र चीजखाली तो मसाला राजम्याची गोडसर चव पूर्ण झाकून टाकतो आणि पदार्थ ना इकडचा राहतो ना तिकडचा.

चिरलेले टोमॅटो घालून ते पूर्ण विरघळेपर्यंत शिजवावेत, मग खिमा, चवीपुरते मीठ आणि अर्धी वाटी गरम पाणी घालून झाकण ठेवावे. बकऱ्याचा खिमा मऊ व्हायला बारीक आचेवर तीस ते पस्तीस मिनिटे लागतात. शेवटी राजमा आणि त्याचे वाटीभर पाणी घालावे, मूठभर दाणे पळीच्या पाठीने ठेचावेत, म्हणजे रस आपोआप दाटतो, आणि झाकण काढून दहा मिनिटे आटवावे. कढईच्या बुडावरून पळी ओढली असता उमटलेली वाट दोन-तीन सेकंद उघडी राहिली, की मिश्रण तयार झाले असे समजावे. वर तेल आणि चरबीची तर्री आली असेल तर ती पळीने काढून घ्यावी. घरातील वडीलधारी माणसे याला हरकत घेतील. त्यांच्यासाठी ती वाटीत वेगळी ठेवावी, पण भांड्यात ती राहिली तर चीजच्या थरातून वर येऊन सगळे ओशट करते.

ओटीजी वरच्या आणि खालच्या दोन्ही कॉइल सुरू ठेवून 180 अंशांवर दहा-बारा मिनिटे आधी तापवावा. भाकरी हाताने कुस्करून चमचाभर तुपावर तव्यात कुरकुरीत करावी. मिश्रण भांड्यात पसरून त्यावर किसलेले चीज आणि चीजवर हा चुरा घालावा. नुसते मोझरेला वापरले तर तार येते पण चव फिकी राहते; दोन भाग मोझरेला आणि एक भाग नेहमीचे प्रक्रिया केलेले चीज हे प्रमाण मला योग्य वाटते. प्रक्रिया केलेले चीज खारट असते, म्हणून खिम्यातले मीठ हात राखूनच घालावे. भांडे मधल्या जाळीवर पंचवीस मिनिटे ठेवावे. कडेने बुडबुडे येऊ लागले, की शेवटची चार-पाच मिनिटे फक्त वरची कॉइल चालू ठेवावी आणि तेथून हलू नये, कारण सोनेरी आणि काळा यांत येथे मिनिटभराचेच अंतर आहे. बाहेर काढल्यावर भांडे कोरड्या लाकडी पाटावर ठेवावे. ओल्या ओट्यावर तापलेली काच तडकते. दहा मिनिटे थांबूनच वाढावे, म्हणजे चमच्याने कापलेला भाग पानात उभा राहतो.

ओव्हन नसेल, तर जाड बुडाच्या पसरट पातेल्यात मिश्रण घालून, चीज पसरून, तव्यावर ठेवून झाकणाखाली अगदी मंद आचेवर पंधरा मिनिटे ठेवावे. वरचा थर खरपूस होत नाही. भाकरीचा चुरा अगदी शेवटी घातला, तर उणीव बरीच भरून निघते.

घरात कुणी शाकाहारी असल्यास छोटे भांडे वेगळे करावे. खिम्याऐवजी कोमट पाण्यात भिजवून घट्ट पिळलेला सोयाबीनचा चुरा, आणि राजम्याऐवजी हवी तर आपली बरबटी, म्हणजे चवळी, घ्यावी. ओव्हनमध्ये ते भांडे आधी भाजून काढावे. एकाच वेळी ठेवायचे झाल्यास ते वरच्या जाळीवर असावे, म्हणजे मटणाचा रस त्यात सांडण्याचा प्रश्न येत नाही.

सोबत पाव किंवा ज्वारीची गरम भाकरी, आणि काकडी-कांद्यावर लिंबू पिळून सांभार (कोथिंबीर) पेरलेली कोशिंबीर पुरेशी आहे. भात मी करत नाही, कारण मग राजम्याकडे कुणी पाहत नाही.

उरलेला भाग हिवाळ्यात दोन तासांच्या आत आणि उन्हाळ्यात तासाभरात फ्रीजमध्ये गेला पाहिजे. तो उथळ डब्यात काढून ठेवावा आणि तीन दिवसांत संपवावा. काचेचे भांडे फ्रीजमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवू नये. गरम करताना मधोमध वाफ येईपर्यंत गरम करावे. दुसऱ्या दिवशी हे मिश्रण इतके घट्ट होते की कणकेच्या उंड्यात भरून त्याचे पराठे लाटता येतात. त्यासाठी मात्र दालचिनीचा तुकडा आधी शोधून काढावा.