वाहत्या पाण्यावर चालणारे जादूचे जाळे कसे रचावे

काल्पनिक जगातील जादू वाहत्या पाण्यावर चालते, एवढे ठरवून लेखकाचे काम भागत नाही. ती पाण्याच्या नेमक्या कोणत्या गुणावर चालते, हे कथेचे पहिले पान लिहिण्याआधी ठरवावे लागते. पाण्यात मुळातच शक्ती असते असे धरले, तर विहीर, डबके आणि नदी यांत काही फरक उरत नाही, आणि मग जाळे उभारण्याचे कारणच संपते. त्याऐवजी शक्ती पाण्याच्या उतरण्यात आहे असे मानावे; बाकीचे बहुतेक नियम या एका निर्णयातून निघतात.

प्रमाण ठरवण्यासाठी खऱ्या जगातील गणित उसने घेणे उत्तम. सेकंदाला एक घनमीटर, म्हणजे १००० लिटर, पाणी एक मीटर खाली उतरले, तर त्यातून जास्तीत जास्त ९.८ किलोवॉट शक्ती मिळते. ती साधारण तेरा अश्वशक्तींएवढी होते. प्रवाह दुप्पट झाला किंवा उंची दुप्पट झाली, तर शक्तीही दुप्पट होते. म्हणून सेकंदाला अर्धा घनमीटर पाणी आणणारा, पण १०० मीटर कोसळणारा डोंगरी ओढा, सेकंदाला ५० घनमीटर वाहणाऱ्या आणि बंधाऱ्यावरून जेमतेम एक मीटर उतरणाऱ्या नदीच्या तोडीचा ठरतो. हे आकडे कथेत आणू नयेत, ते वहीत ठेवावेत. वाचकाला हिशेब नको असतो, पण दोन प्रकरणांतले हिशेब एकमेकांशी जुळत नसले तर ते त्याच्या नजरेतून सुटत नाही.

नकाशा काढताना शहरे सर्वांत शेवटी मांडावीत. आधी डोंगररांगा, मग ओढे आणि नद्या, मग पाणी जिथे झपाट्याने उतरते त्या जागा, आणि त्यानंतर वस्ती, असा क्रम ठेवला की कोणते गाव श्रीमंत असेल हे नकाशाच सांगतो. एकदा उतरलेली उंची पुन्हा वापरता येत नाही, मात्र तेच पाणी पुढच्या उतारावर पुन्हा कामाला लावता येते. दक्षिण फ्रान्समधील बार्बेगाल येथे रोमन काळात डोंगरउतारावर आठ-आठ पाणचाकांच्या दोन ओळी होत्या, आणि वरच्या चाकावरून सुटलेले पाणी खालच्या चाकाला मिळत असे. पायऱ्यापायऱ्यांनी वसलेले, प्रत्येक पायरीवर एकेक मंत्रचाक फिरणारे नगर यावरून सहज सुचते. चाकाच्या घडणीलाही महत्त्व द्यावे. जॉन स्मीटन या इंग्लिश अभियंत्याने १७५९ साली मांडलेल्या प्रयोगांत वरून पाणी पडणारे चाक खालून ढकलल्या जाणाऱ्या चाकाच्या सुमारे दुप्पट काम करते असे दिसले होते. आपल्या जगातील एखाद्या कारागिराला असाच शोध लागला, तर जुन्या मांत्रिकांची मक्तेदारी एका हंगामात मोडू शकते.

यानंतरचा प्रश्न वहनाचा आहे, आणि माझ्या मते सगळ्या रचनेत हाच सर्वांत रसाळ आहे. उघड्या पाटात शक्ती पाण्याबरोबरच सरकते असा नियम केला, तर सेकंदाला अर्धा मीटर वेगाने वाहणाऱ्या पाटातून १०० किलोमीटर जायला तिला सुमारे ५६ तास लागतात. घोडेस्वार तिच्या आधी पोहोचतो. भरलेल्या बंद नळातला दाब मात्र जवळजवळ तत्काळ पोहोचतो. लंडनमध्ये १८८३ पासून १९७७ पर्यंत रस्त्यांखालच्या नळांतून पंपांनी दाब दिलेले पाणी खेळवून लिफ्ट आणि क्रेन चालवल्या जात होत्या, त्यामुळे अशी कल्पना अगदीच हवेतली नाही. नळाचा दोष असा की झडप एकदम बंद केली तर वाहत्या पाण्याचा धक्का नळ फोडू शकतो. चालू मंत्र मध्येच तोडू नये, अशी ताकीद शिष्यांना का देतात, याचे कारण इथे आयते मिळते. राजवाड्याला नळ आणि गावांना पाट, एवढा भेद केला तरी राज्याचे निम्मे राजकारण उभे राहते.

पाटाच्या अगदी शेपटाला राहणारी एक सुईण डोळ्यांसमोर आणावी. बाळंतिणीच्या उशाशी मंत्रदिवा जळतो आहे आणि तो अचानक मंदावतो. ती दचकत नाही. परवा सकाळी वरच्या गावातील जमीनदाराने बागेची कारंजी सुरू केली असणार, एवढे तिला दिव्याकडे पाहूनच कळते. कोनाड्यातील तेलाची पणती ती पुढे ओढते, कारण तिची वात तिने संध्याकाळीच वळून ठेवलेली असते. जाळ्याचे सारे नियम या एका प्रसंगात येतात आणि कोणालाही ते समजावून सांगावे लागत नाहीत.

साठवणुकीचा विचार थोडक्यात उरकता येतो, पण टाळता येत नाही. उन्हाळ्यात ओढे आटतात आणि कडक थंडीच्या प्रदेशात ते गोठतात, म्हणून तलाव हवेत. तलाव आले की गाळ आला, आणि गाळात पाण्याबरोबर वाहून आलेल्या अर्धवट मंत्रांचा थर साचतो असे मानले तर तो उपसण्याचे काम कोणाच्या माथी येते, हेही ठरवावे लागते. पाणी उपसून पुन्हा वर चढवता येते, परंतु खर्च केलेल्या शक्तीपैकी काही भाग नेहमीच वाया जावा. असे पाणी वर चढवून ठेवणाऱ्या आधुनिक जलविद्युत केंद्रांतही साधारण तीन-चतुर्थांशच परत मिळते. स्वतःचेच पाणी स्वतः वर चढवून अखंड चालणारे चाक एकदा कथेत शिरले, की टंचाई संपते आणि तिच्याबरोबर कथाही.

आराखडा पुरा झाल्यावर त्याची परीक्षा घ्यावी. नकाशावरील पाटाचे पाणी अडवणारा मधला एखादा दरवाजा पाच दिवस बंद आहे असे समजून, कोणाच्या घरात काय थांबते ते तासांच्या हिशेबाने लिहून काढावे. पहिल्या दुपारी दरवाजाजवळची गिरणी थांबते, दुसऱ्या दिवशी घाटावरचा पाळणा अधांतरी लटकतो, आणि तिसऱ्या रात्री दिवा पूर्ण विझल्यावर सुईण पणती घेऊन पाटाच्या काठाकाठाने वर चालू लागते.