ब्रॉडवेवरील जुन्या प्रसिद्धीकाराचे चरित्र कसे शोधावे

विसाव्या शतकाच्या आरंभी न्यूयॉर्कच्या नाट्यव्यवसायात, म्हणजेच ब्रॉडवेवर, काही प्रसिद्धीकार निर्मात्यांसाठी वृत्तपत्रांना मजकूर पुरवीत आणि स्वतः नाटकेही लिहीत. चॅनिंग पोलॉक हे त्यांपैकी एक ठळक नाव. अशा माणसाचे चरित्र लिहिताना मुख्य अडचण ही येते, की त्याचे बरेचसे लेखन निनावी छापले गेलेले असते. म्हणून केवळ नावाचा शोध घेऊन भागत नाही, मजकुराचाच माग काढावा लागतो.

सुरुवात एखाद्या दौऱ्यापासून करावी. नाटक मंडळी गावात येण्याआधीच तिचा प्रतिनिधी तेथे जाऊन संपादकांना तयार मजकूर देत असे, त्यामुळे तीच वाक्ये निरनिराळ्या गावांच्या वृत्तपत्रांत पाठोपाठ सापडतात. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या ‘क्रॉनिकलिंग अमेरिका’ या जुन्या वृत्तपत्रांच्या मोफत संग्रहात अशा मजकुरातील एखादा वेगळा शब्दसमूह जसाच्या तसा शोधावा आणि सापडलेली गावे तारखांच्या क्रमाने मांडावीत. त्यातून दौऱ्याचा मार्ग कळतोच, शिवाय स्थानिक समीक्षकाचे मत कोणते आणि बाहेरून आलेली स्तुती कोणती, हेही वेगळे करता येते. मात्र एवढ्यावरून तो मजकूर आपल्या चरित्रनायकाचाच आहे असे ठरवू नये. त्या हंगामात तो कोणत्या मंडळीकडे होता, याची नोंद १९०५ साली सुरू झालेल्या ‘व्हरायटी’सारख्या, मनोरंजन व्यवसायाला वाहिलेल्या वृत्तपत्रांत पाहावी. नाट्यगृहांचे मालक आणि निर्माते असलेल्या शुबर्ट बंधूंची नोकरी त्याने केली असल्यास त्यांची कागदपत्रे जपणाऱ्या न्यूयॉर्कच्या शुबर्ट आर्काइव्हकडेही विचारणा करावी.

छापून आलेली गोष्ट घडलीच असेल असे या क्षेत्रात कधीही धरू नये. ॲना हेल्ड ही अभिनेत्री दुधाने स्नान करते, ही १८९६ साली गाजलेली बातमी प्रसिद्धीसाठीच रचलेली होती. प्रसिद्धीकाराने स्वतःच्या आयुष्याविषयी सांगितलेल्या कथांनाही हाच निकष लावावा. वयाची खातरजमा करण्यासाठी १९०० सालच्या अमेरिकी जनगणनेचा चांगला उपयोग होतो, कारण तीत जन्माचा महिना आणि वर्ष दोन्ही विचारले होते.

नाटककार म्हणून त्याने काय लिहिले हे पाहण्यासाठी १८७० ते १९१६ या काळात अमेरिकेत स्वामित्वहक्क नोंदवलेल्या नाटकांची छापील सूची चाळावी. रंगभूमीवर कधीच न आलेली नाटकेही तीत आढळतात, आणि माझ्या मते चरित्रकाराने त्यांना यशस्वी नाटकांइतकीच जागा द्यावी, कारण दुसऱ्यांची जाहिरात करणाऱ्या या माणसाला स्वतःचे म्हणून काय सांगायचे होते, ते तेथे दिसते.