प्रवेश नाकारला, आता कोर्टात कधी जायचं?

रिट याचिकेला, म्हणजे सरकारी यंत्रणेच्या चुकीविरुद्ध थेट उच्च न्यायालयात करायच्या अर्जाला, कायद्याने ठरावीक मुदत घातलेली नाही, हे ऐकून नागपुरातले बरेच पालक निवांत होतात. पण संविधानाच्या कलम २२६ खालचा दिलासा न्यायालयाच्या विवेकाधीन असतो आणि उशिरा आलेल्याला पहिला प्रश्न हाच असतो : इतके दिवस काय केलं? प्रवेशाच्या भांडणात दोन आठवडेही जड जातात. तेवढ्यात कॅपची (केंद्रीभूत प्रवेश प्रक्रियेची) पुढची फेरी होते आणि ती जागा दुसऱ्याच पोराला मिळते, ज्याची काहीच चूक नसते.

म्हणून नकार मिळाला त्याच दिवशी तो लेखी मागा. काउंटरवरचं ‘नाही होणार’ कोर्टात दाखवता येत नाही. कॉलेज लिहून देत नसेल, तर काय घडलं ते संध्याकाळपर्यंत त्यांनाच ईमेलने कळवा. गुणवत्ता यादी, जागावाटपाचं पत्र, अडकलेल्या फीचा बँकेचा मेसेज, सगळं तारखेसह जपून ठेवा.

मग तक्रार. तात्पुरत्या गुणवत्ता यादीवर आक्षेपासाठी सीईटी कक्ष (राज्याच्या प्रवेश परीक्षा आणि प्रवेश पाहणारं कार्यालय) मोजकेच दिवस देतो. तेव्हा गप्प राहिलात तर पुढे तेच अंगाशी येतं. अर्ज एकदाच, नेमका करा आणि उत्तराला दोन-तीन दिवस द्या. स्मरणपत्रांवर स्मरणपत्रं पाठवून घड्याळ थांबत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी सांगितलं आहे. आपल्याकडे पहिला आठवडा ‘मुंबईत कोणाची ओळख आहे का’ यातच जातो. तो आठवडा याचिकेत कसा मांडणार?

उत्तराची वाट पाहतानाच वकील गाठा. मुलींना आणि अनुसूचित जाती-जमातीच्या विद्यार्थ्यांना १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट न लावता. त्यासाठी सिव्हिल लाइन्समधल्या उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाच्या विधी सेवा उपसमितीकडे अर्ज करावा. वकिलाला तारीखवार तक्ता करून द्या आणि ‘निकालापर्यंत एक जागा रिकामी ठेवावी’ ही अंतरिम मागणी आहे ना, ते स्वतः वाचून बघा. जागा भरली गेली असेल, तर ज्याला मिळाली त्यालाही पक्षकार करावं लागतं. दिवाळीची सुटी तोंडावर असेल, तर तातडीची सुनावणी आधीच मागा.

उशिराचा फरक किती पडतो, हे १३ डिसेंबर २०१९ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालात दिसतं. विद्यार्थी गुणवत्तेत बसतो, चूक यंत्रणेची आहे आणि तो विलंब न करता कोर्टात आला, असं असेल तर अपवाद म्हणून शेवटच्या तारखेनंतर साधारण महिनाभरात एमबीबीएसला प्रवेश देता येतो. तेही जमलं नाही, तर पुढच्या वर्षी जागा किंवा नुकसानभरपाई. मात्र हे एमबीबीएसपुरतंच, असं न्यायालयानेच स्पष्ट केलं आहे.

‘त्या आयआयटीच्या पोराला तर तीन महिन्यांनी जागा मिळाली’, असं कोणी सांगेल. तो अतुल कुमार. २४ जून २०२४ ला त्याची १७,५०० रुपये फी वेळेत भरली गेली नाही. ३० सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाने आयआयटी धनबादला जादा जागा द्यायला लावली. पण मधल्या काळात तो एकामागून एक दार ठोठावत होता. शिवाय तो आदेश कलम १४२ चा, म्हणजे पूर्ण न्यायासाठी सर्वोच्च न्यायालयाला असलेल्या खास अधिकारातला. तो अधिकार उच्च न्यायालयाला नाही.

उशीर झालाच असेल, तर लपवू नका. आजारपणाची फाइल, पैशांची जुळवाजुळव, प्रमाणपत्रासाठीच्या चकरा : प्रत्येक रिकाम्या आठवड्यापुढे कारण आणि कागद लावा, आणि प्रवेशासोबत नुकसानभरपाईची पर्यायी मागणीही त्याच याचिकेत टाकायला वकिलाला सांगा.