अ‍ॅनिमेचा वॉलपेपर निवडताना आकडा नको, रेघ बघा

सांगलीत आमचं फ्लेक्स आणि डीटीपीचं दुकान आहे. वाढदिवसाचे बोर्ड, दुकानांच्या पाट्या, लग्नाच्या कमानी, यात्रेचे फलक. गेली अकरा वर्षं मी दिवसातून दहादा तरी गिऱ्हाइकाला सांगतो, "दादा, हा फोटो मोठा केला की फाटणार." फोटो फाटतो म्हणजे मोठा केल्यावर चौकोन चौकोन दिसायला लागतात, चेहऱ्याची कड दातेरी होते. रात्री शटर ओढलं की मी अ‍ॅनिमे, म्हणजे जपानी अ‍ॅनिमेशन, बघतो. दिवसभर फाटके फोटो सांधल्यावर निदान माझ्या स्क्रीनवरचं चित्र तरी स्वच्छ असावं, हा माझा हट्ट आहे.

दिवाळीत भाची आली होती, अकरावीतली. तिनं फोन पुढे केला. "मामा, यावर फोर के लिहिलं होतं, मग हे असं का दिसतंय?" चित्र सुरेख होतं. संध्याकाळचा उतरता रस्ता, विजेच्या खांबांची रांग, पाठमोरी शाळकरी मुलगी. मी दोन बोटांनी ते मोठं केलं. मुलीचे केस मेणासारखे एकजीव झालेले. पहिल्या खांबावरून निघालेली तार दुसऱ्या खांबाला पोचायच्या आत आकाशात विरघळलेली. तिसऱ्या खांबावर एक काळा डाग होता, तो कशाचा ते कळायला मार्ग नव्हता. फाईल मात्र ३८४० बाय २१६० पिक्सेलची, म्हणजे फोर केच. कुणीतरी लहान चित्र ताणून त्या मापात बसवलं होतं.

त्या दिवशी तिला जे दाखवलं तेच इथे लिहितोय.

आधी आपल्या स्क्रीनचं माप माहीत करून घ्या. फोनच्या सेटिंगमध्ये मिळेल. सध्याचे बरेच फोन १०८० बाय २४००च्या आसपास असतात, साधा लॅपटॉप १९२० बाय १०८०. आता इथे एक हिशेब आहे आणि तो बहुतेकांच्या लक्षात येत नाही. लॅपटॉपचं आडवं चित्र फोनला लावलं की फोन त्यातला मधला उभा पट्टा तेवढा कापून घेतो. १९२० बाय १०८०च्या चित्रातून फोनच्या प्रमाणात पट्टा निघतो ४८६ बाय १०८०चा. तो १०८० बाय २४०० भरायला सव्वादोन पट ताणावा लागतो, मग फाटणारच. खऱ्या फोर के चित्रातून निघणारा पट्टाही ९७२ बाय २१६०चाच भरतो, म्हणजे तोसुद्धा किंचित अपुरा. म्हणून फोनसाठी मुळातच उभं काढलेलं चित्र शोधा. अ‍ॅनिमेची जाहिरातीची पोस्टरं, ज्यांना की व्हिज्युअल म्हणतात, ती बहुधा उभी असतात. पोस्टरची उंची २४०० असेल तर रुंदी साधारण १७०० येते. त्यातला १०८०चा हवा तो भाग न ताणता निवडता येतो, आणि पात्र डावीकडे ठेवायचं की उजवीकडे हे आपण ठरवू शकतो.

माप जुळलं की चित्र १०० टक्क्यांवर उघडा. स्क्रीनला फिट करून बघू नका, तसं बघितल्यावर सगळीच चित्रं चांगली वाटतात. १०० टक्क्यांवर मी सगळ्यात आधी डोळ्यांची आणि केसांची कड बघतो. अ‍ॅनिमेची सगळी जान रेघेत असते. काढणाऱ्याच्या हाताची रेघ कुठे जाड, कुठे बारीक होते आणि टोकाला निमुळती होऊन संपते. रेघेच्या आजूबाजूला मुंग्या चालल्यासारखे ठिपके दिसले तर जेपीजी जास्त दाबली गेली आहे. जेपीजी चित्राचे आठ बाय आठ पिक्सेलचे तुकडे पाडून दाबते, त्यामुळे गडद रेघेशेजारच्या सपाट रंगात घाण उठते. रेघेला पांढरी किनार दिसली तर कुणीतरी शार्पनेस चढवलाय. आणि रेघ सगळीकडे एकाच जाडीची, गुळगुळीत, प्लॅस्टिकच्या नळीसारखी झाली असेल तर चित्र सॉफ्टवेअरने ताणलेलं आहे.

मग तारा बघा. जपानी रस्त्याच्या चित्रात विजेचे खांब आणि तारा हटकून असतात, आणि त्या खोटं बोलत नाहीत. तार एका खांबावरून निघून दुसऱ्या खांबावर टेकते का? दुकानाच्या पाटीवरची अक्षरं जपानी येत नसलं तरी अक्षरं वाटतात का, की नुसता गिचमिड काला आहे? हाताची बोटं, सायकलच्या चाकाच्या तारा, कुंपणाची जाळी यांवरूनही नजर फिरवा. मशिननं बनवलेली आणि मशिननं ताणलेली चित्रं इथेच उघडी पडतात.

आकाशाचं थोडं वेगळं आहे. संध्याकाळच्या आकाशात आडवे पट्टे दिसतात ना, त्यामागे साधं गणित आहे. नेहमीच्या चित्रात प्रत्येक रंगाच्या २५६ पायऱ्या असतात. निळ्यापासून फिक्या निळ्यापर्यंत जायला त्यातल्या चाळीसच वापरल्या आणि चित्राची उंची २१६० असली, तर एकेक पायरी ५४ पिक्सेल जाड होते. ती डोळ्यांना दिसतेच. चांगल्या चित्रात यावर उपाय म्हणून बारीक दाणा, म्हणजे कणीदार पोत, मिसळलेला असतो. म्हणून आकाशात थोडा दाणा दिसला तर चित्र टाकून देऊ नका. तो साफ करणारे अ‍ॅप तर वापरूच नका, दाणा गेला की पट्टे वर येतात.

आता चित्र कुठून घ्यायचं. माझ्या मते अर्धी निवड इथेच होते.

टीव्ही मालिकेच्या एपिसोडमधून घेतलेला स्क्रीनशॉट फोर के म्हणून मिळत असेल तर त्यावर विश्वास ठेवू नका. डिजिटल काळातल्या अनेक मालिका मुळात १०८० पेक्षा कमी उंचीवर तयार होऊन नंतर वाढवलेल्या असतात. त्यात नसलेला बारकावा कुठून येणार? उलट जुने चित्रपट फिल्मवर चित्रित झालेले, त्यामुळे चांगली फिल्म पुन्हा स्कॅन केली की खरा बारकावा हाती येतो. १९८८चा 'अकिरा' २०२० साली फोर केमध्ये पुन्हा आला तो असाच. जुनं म्हणजे धूसर आणि नवं म्हणजे स्वच्छ, हा समज अ‍ॅनिमेच्या बाबतीत चालत नाही.

'माय नेबर तोतोरो'सारखे चित्रपट बनवणाऱ्या जपानच्या स्टुडिओ जिब्लीने तर दारच उघडून ठेवलंय. सप्टेंबर २०२० मध्ये त्यांनी आपल्या संकेतस्थळावर आठ चित्रपटांची प्रत्येकी ५० अशी ४०० चित्रं ठेवली आणि पुढे आणखी चित्रपटांची भर घालत गेले. सोबत निर्माते तोशिओ सुझुकी यांची सूचना होती की सारासार विचार करून मोकळेपणानं वापरा. सगळ्यात आधी तिथेच जा. ही चित्रं १९२० पिक्सेल रुंद आहेत, उंचीला साध्या लॅपटॉपच्या स्क्रीनपेक्षा जराशी बसकी. विंडोजमध्ये 'फिल' निवडलंत तर कडेचा थोडा भाग कापला जाऊन ती नीट बसतात. 'स्ट्रेच' कधीच निवडू नका, त्यानं माणसं उंच नाहीतर रुंद होतात.

मोठ्या फोर के मॉनिटरवर तीच चित्रं लावायची असतील तर एकदाच, दुप्पट, वाइफू-टू-एक्सने वाढवा. २०१५ पासूनचं हे मोफत सॉफ्टवेअर अ‍ॅनिमेसारख्या चित्रांसाठीच बनवलेलं आहे. दाणा साफ करण्याची (नॉइज रिडक्शन) पायरी शून्यावर ठेवा. पात्रांच्या रेघा चांगल्या येतात, रंगवलेली झाडी मात्र थोडी गुळगुळीत होते, ते चालवून घ्यावं लागतं. आधीच वाढवलेलं चित्र पुन्हा वाढवायचं नाही.

झाडीचं मला जरा जास्तच वाटतं. कॉम्प्युटर येण्याआधी पात्रं 'सेल' नावाच्या पारदर्शक शीटवर रंगवायचे आणि मागचा देखावा कागदावर, पोस्टर कलरने. १९८८च्या 'माय नेबर तोतोरो'चे कला दिग्दर्शक काझुओ ओगा. त्यांच्या रानातल्या गवतात किती हिरवे आहेत ते मोजायला बसा: उन्हातला पिवळसर, सावलीतला निळसर, ओल्या मातीलगतचा तपकिरीकडे झुकलेला. पात्र एकही नसलेली अशी चौकट मी दुकानाच्या कॉम्प्युटरला लावली आहे. मोठ्या डोळ्यांचं, भडक केसांचं पात्र आठ-दहा तास समोर राहिलं की थकवा येतो. देखावा थकवत नाही, त्यात रोज एखादा कोपरा नवा सापडतो. पात्राचं चित्र फोनच्या लॉक स्क्रीनला ठेवा. तिथे ते दिवसातून पन्नास वेळा, पण दोन-दोन सेकंदच भेटतं.

मांडणीचं थोडक्यात. विंडोजमध्ये आयकॉन डावीकडे येतात, तेव्हा बघण्यासारखं जे आहे ते उजवीकडे असावं. मॅकवर उलट. फोनच्या लॉक स्क्रीनवर वरच्या भागात घड्याळ असतं, म्हणून चेहरा मध्यावर किंवा खाली हवा. होम स्क्रीनला शांत, एकरंगी भाग जास्त असलेलं चित्र घ्या, पांढऱ्या ढगांवर आयकॉनची पांढरी नावं वाचता येत नाहीत. फोनचा डिस्प्ले अमोलेड असेल तर रात्रीची चित्रं त्यावर फार देखणी दिसतात, कारण पूर्ण काळ्या जागी पिक्सेल बंदच असतो.

मित्राकडून चित्र घ्यायचं तर चॅटवर फोटो म्हणून घेऊ नका, डॉक्युमेंट म्हणून पाठवायला सांगा. शोधाच्या पानावरचं छोटं चित्र दाबून सेव्ह करू नका, मूळ पान उघडा. ३८४० रुंदीची फाईल तीन-चारशे केबीचीच असेल तर मी थांबून दुसरीकडे शोधतो.

आणि सही. चाहत्यांनी आणि चित्रकारांनी काढलेली बरीच चित्रं २००७ पासून चालू असलेल्या पिक्सिव्ह या जपानी वेबसाइटवर मूळ रूपात असतात. तिथे कित्येक चित्रकार 'मुदान तेनसाई किन्शी' असं लिहून ठेवतात, म्हणजे परवानगीशिवाय हे दुसरीकडे टाकू नका. वॉलपेपर गोळा करणारे ते टाकतातच, वर कोपऱ्यातली सही कापतात. मी केलेलं यात्रेच्या फलकाचं डिझाइन एकदा दुसऱ्या गावच्या चौकात बघितलं होतं, खालचं आमच्या दुकानाचं नाव खोडून. अक्षरांची उतरंड जुळवायला मला दोन रात्री लागल्या होत्या. तेव्हापासून सही कापलेलं चित्र मी लावत नाही. आपल्या फोनपुरतं लावा, पण मूळ पानावरून घ्या, चित्रकाराचं नाव फाईलच्या नावात लिहून ठेवा, आणि ते छापून टी-शर्ट किंवा स्टिकर विकू नका. दुकानात असं काम घेऊन पोरं येतात, मी ते करत नाही.

मूळ शोधायला सॉसनाओ या वेबसाइटवर चित्र टाका, ते चित्रकाराच्या पानापर्यंत नेतं. चित्र एखाद्या मालिकेतलं असेल तर ट्रेस मो ही वेबसाइट कुठल्या मालिकेचा कितवा एपिसोड आणि कितवा मिनिट ते सांगतं.

भाचीचं चित्र सॉसनाओवर टाकलं. दुसऱ्याच ओळीत मूळ सापडलं, पिक्सिव्हवरचं, मुळातच उभं. वेबसाइटवाल्यांनी वरचं अर्धं आकाश आणि खालचा रस्ता कापून ते आडवं केलं होतं. खाली उजवीकडे बारीक सही होती. आम्ही ते १०० टक्क्यांवर उघडून खांबांवरून हळूहळू वर सरकलो. पहिल्या खांबाची तार दुसऱ्याला टेकली, दुसऱ्याची तिसऱ्याला. तिसऱ्यावर तो काळा डाग होता.

"मामा, कावळा आहे," ती म्हणाली. चोच उघडलेली होती.